आर्मीत जनरल कसं होतात आणि त्या माणसाचं आयुष्य नेमकं कसं असतं?

ताई, तुमचा प्रश्न मला कळला तो असा, की भाची इंदूरलाच बारावीला आहे, एनडीएचा, म्हणजे सैन्याच्या ट्रेनिंग अकॅडमीचा, फॉर्म भरायचं म्हणतेय आणि सरळ सांगतेय की मला जनरल व्हायचंय, घरात भावजींचं म्हणणं पडलं की वरच्या पोस्टवर वशिल्याशिवाय कोणी पोचत नाही आणि मुलीला तर कोण पोचू देणार, आणि तुम्हाला खरं काय ते कोणाकडून तरी ऐकायचंय. मी इन्फन्ट्रीत होतो, पलटण म्हणजे आठशेएक जवानांची बटालियन कमांड केली, महूला इन्फन्ट्री स्कूलमध्ये शिकवलं, कर्नल म्हणून रिटायर झालो आणि इथेच घर केलं, एसएसबीला, म्हणजे सैन्यातल्या ऑफिसर निवडीच्या मुलाखतीला, जाणाऱ्या मुलामुलींची तयारी करून घेतो. स्वतः जनरल झालो नाही पण ज्यांच्या हाताखाली काम केलं त्यातले बरेच झाले, आणि ज्यांना लेफ्टनंट असताना शिकवलं त्यातलेही काही आता त्या वाटेवर आहेत, तर जे बघितलंय ते सांगतो. उत्तर मोठं होणार आहे.

आधी वर्षांचा हिशोब, कारण तिथेच बऱ्याच लोकांची कल्पना चुकते. एनडीए खडकवासला 3 वर्षं, मग आयएमए डेहराडून 1 वर्ष, म्हणजे साधारण 22 व्या वर्षी लेफ्टनंट. 2 वर्षांनी कॅप्टन, 6 वर्षांनी मेजर, 13 वर्षांनी लेफ्टनंट कर्नल, इथपर्यंत परीक्षा पास केल्या आणि रेकॉर्ड साफ असलं की वेळ झाली की प्रमोशन मिळतं. कर्नलपासून पुढे मात्र सगळं सिलेक्शन, बोर्ड बसतं, जागा मोजक्या आणि माणसं जास्त. आता अलीकडच्या तीन आर्मी चीफचं बघा. जनरल मनोज नरवणे 1980 च्या जूनमध्ये कमिशन झाले आणि 31 डिसेंबर 2019 ला चीफ. जनरल मनोज पांडे 1982 च्या डिसेंबरमध्ये कमिशन, 30 एप्रिल 2022 ला चीफ. जनरल उपेंद्र द्विवेदी, आपल्याच मध्य प्रदेशातल्या रीवाच्या सैनिक स्कूलचे, 1984 च्या डिसेंबरचे, 30 जून 2024 ला चीफ. तिघांचंही काढून बघा, 39-40 वर्षं येतात. म्हणजे भाची आज जे बोलतेय त्याचा निकाल लागायला चाळीस वर्षं आहेत आणि मधली पस्तीस वर्षं कोणीही तिला हे सांगू शकणार नाही की तू होणार का नाही, हे तिने आत्ताच नीट समजून घेतलेलं बरं.

आपल्या इंदूरकरांना एक गोष्ट जवळून बघायला मिळते जी बाकी ठिकाणी मिळत नाही, ती म्हणजे महू. 1817 च्या डिसेंबरात महिदपूरला होळकरांचा पराभव झाला, लगेच जानेवारी 1818 मध्ये मंदसौरचा तह, आणि त्यातून ही छावणी आली. आज तिथे इन्फन्ट्री स्कूल, आर्मी वॉर कॉलेज आणि सिग्नल्सचं ट्रेनिंग कॉलेज एमसीटीई असं तिन्ही आहे. इन्फन्ट्रीचा पोरगा लेफ्टनंट असताना यंग ऑफिसर्स कोर्सला येतो, सायकल घेऊन फिरतो. मेजर झाला की ज्युनिअर कमांड कोर्सला येतो, तेव्हा बरोबर बायको आणि एखादं लहान मूल असतं. पलटण कमांडच्या सुमारास सीनिअर कमांडला येतो. आणि कमांड चांगली झाली, निवड झाली तर हायर कमांड कोर्सला कर्नल म्हणून येतो, तोवर केस पांढरे आणि मुलं दहावी-बारावीत. नरवणे साहेब हायर कमांड इथेच शिकले आणि नंतर इथेच शिकवलं, त्यांची एम.फिल.ची डिग्री आपल्या देवी अहिल्या विश्वविद्यालयाची आहे, हे इंदूरमध्ये किती जणांना माहीत असतं कोण जाणे. पांडे साहेबांनीही हायर कमांड इथूनच केला. पुढे चीफ झालेले जनरल सुंदरजी वॉर कॉलेजचे कमांडंट होते, तेव्हा त्याचं नाव कॉलेज ऑफ कॉम्बॅट होतं, 2003 ला बदललं. तर सांगायचं असं की तेच तेच चेहरे वीस वर्षांत तीन-चार वेळा तुमच्यासमोर येतात आणि मधल्या काळात माणूस कसा वाढला किंवा कुठे अडकला ते दिसतं.

मला जे दिसलं ते सांगतो. जनरल दिल्लीत बोर्डाच्या टेबलावर बनत नाही, तो पलटण कमांडच्या दोन-अडीच वर्षांत बनतो. बाकी सगळं, म्हणजे तामिळनाडूतल्या वेलिंग्टनच्या स्टाफ कॉलेजचा कोर्स, फॉरेन पोस्टिंग, मेडल, हे त्याच्या आजूबाजूला आहे. महत्त्वाचं आहेच, स्टाफ कॉलेजची परीक्षा पास न होता वर जाणं फार कठीण, पण मूळ परीक्षा म्हणजे 38-40 वर्षांच्या माणसाच्या हातात आठशे जवान दिले की तो काय करतो.

हे थोडं जवळून सांगतो कारण बाहेरच्यांना याचा अंदाज नसतो. सीओ, म्हणजे पलटणीचा कमांडिंग ऑफिसर, सकाळी ऑफिसला येतो तेव्हा सुभेदार मेजर साहेब आधीच हजर असतात, त्यांची नोकरी तीस वर्षांच्या आसपास झालेली असते आणि पलटणीतल्या प्रत्येक घरची गोष्ट त्यांना माहीत असते. एका सकाळी समोर काय काय येतं बघा. एका जवानाच्या गावाकडे भावाने जमीन हडपली म्हणून त्याला आत्ताच सुट्टी हवीय, पण त्याची कंपनी परवा पोस्टवर चढणार आहे. एक हवालदार फार चांगला, पण दारू वाढलीय. एका तरुण मेजरचा पेट्रोलिंगचा रिपोर्ट आलाय आणि वाचताना लक्षात येतं की टेकडीच्या माथ्यापर्यंत पार्टी गेलीच नाही, खालूनच परतली. ब्रिगेडहून फोन आहे की उद्या व्हिजिट आहे. आता पेट्रोलवाल्या रिपोर्टवर सही करून वर पाठवला तर कोणाला काही कळणार नाही, व्हिजिट छान होईल, आणि पुढच्या वेळी त्या माथ्यावर कोणी शत्रू बसलेला असेल तर जीव जवानाचा जाईल. चांगला सीओ तो कागद बाजूला ठेवतो, मेजरला बोलावतो, दार लावून बोलतो, दुसऱ्या दिवशी व्हिजिट असली तरी पार्टी परत पाठवतो आणि ब्रिगेडियरला स्वतः सांगतो की साहेब कालचं पेट्रोल पूर्ण झालं नव्हतं, आज परत जातंय. असे प्रसंग दर आठवड्याला येतात, आणि जवान ते बघत असतात. पलटणीला तीन महिन्यांत कळतं की आपला सीओ कसा आहे, वरच्यांना वर्षभर लागतं.

आता भावजींच्या वशिल्याकडे येतो. दरवर्षी ऑफिसरचा कॉन्फिडेन्शियल रिपोर्ट लिहिला जातो, एक नाही तर तीन पायऱ्यांवर, पहिला लिहिणारा लगेचचा वरिष्ठ, मग रिव्ह्यूइंग ऑफिसर, मग सीनिअर रिव्ह्यूइंग ऑफिसर. 1 ते 9 मध्ये मार्क. हे वीस-पंचवीस वर्षं साठत जातं, पंधरा-वीस वेगवेगळ्या लोकांनी वेगवेगळ्या जागी लिहिलेलं, त्यातले अर्धे एकमेकांना ओळखतही नसतात. बोर्ड बसतं तेव्हा समोर जो कागद येतो त्यावर नाव नसतं, फक्त रेकॉर्ड. 100 पैकी 95 मार्क त्या रेकॉर्डचे, आणि बोर्डाच्या हातात फक्त 5. एका माणसाला तीन वेळा संधी मिळते, पहिल्यांदा नाही झालं तर पुढे दोन रिव्ह्यू. आता यात माणसं नाहीत का, आहेत, एखाद्या वरिष्ठाशी नाही पटलं आणि त्याने नऊच्या जागी आठ दिला तर तो एक आकडा दहा वर्षांनी आडवा येऊ शकतो, कारण वर सगळेच नऊवाले असतात आणि फरक दशांशात पडतो. अन्याय झाला असं वाटलं तर तक्रारीची सोय आहे, आर्म्ड फोर्सेस ट्रिब्युनल आहे, लोक जातात आणि कधी जिंकतातही. पण कोणाच्या तरी काकांनी फोन केला आणि मेजर जनरल झाला, असं होत नाही. फार चांगली माणसं राहून जातात हे मात्र खरंय, आणि ती जागा कमी म्हणून राहतात. साधारण बघा, लेफ्टनंट जनरल शंभराच्या आत-बाहेर, मेजर जनरल तीनेकशे, आणि ऑफिसर चाळीस हजारांच्या वर. वरती निमुळतं होत जातं, आणि वयही आडवं येतं, कर्नल 54 ला घरी, ब्रिगेडियर 56, मेजर जनरल 58, लेफ्टनंट जनरल 60, चीफ 62 किंवा तीन वर्षं यातलं जे आधी. एका बॅचमध्ये दोन तितकेच चांगले असले तर ज्याची जन्मतारीख सहा महिन्यांनी पुढे आहे तो एक पायरी जास्त चढतो, यात कोणाचा काही दोष नाही.

ब्रिगेडियर म्हणजे तीन पलटणी आणि तीनेक हजार माणसं, मेजर जनरलकडे डिव्हिजन म्हणजे दहा-पंधरा हजार, लेफ्टनंट जनरलकडे कोअर म्हणजे काही डिव्हिजन मिळून, आणि त्याच्यावर आर्मी कमांडर, ते सात, उधमपूर, चंडीमंदिर, जयपूर, पुणे, लखनौ, कोलकाता आणि ट्रेनिंगचं शिमला. ब्रिगेडियर झाला की रेजिमेंटची ओळख अंगावरून उतरते, 1 ऑगस्ट 2023 पासून ब्रिगेडियर आणि वरच्या सगळ्यांचा युनिफॉर्म एकच, तीच बेरे, तेच बिल्ले, खांद्यावरची दोरी म्हणजे लॅनयार्ड नाही. मला हा बदल पटला, कारण डिव्हिजनचा मालक जर मनाने शीख लाइट इन्फन्ट्रीचा किंवा मराठ्यांचाच राहिला तर बाकीच्या पलटणींनी कोणाकडे बघायचं. पगार लोक विचारतातच म्हणून सांगतो, सातव्या वेतन आयोगाने लेफ्टनंटचा बेसिक 56,100 पासून आणि चीफचा अडीच लाख, भत्ते वेगळे. चाळीस वर्षांच्या नोकरीनंतर एवढंच, पैशासाठी यात कोणी येऊ नये.

घरचं आयुष्य. माझ्या मुलांनी बारावीपर्यंत सात-आठ शाळा बदलल्या, आणि हे आर्मीत कोणालाही विचारा, काही वेगळं नाही. फील्ड पोस्टिंगला फॅमिली जात नाही, मग बायको-मुलं महू, पुणे असल्या ठिकाणी सेपरेटेड फॅमिली क्वार्टरमध्ये राहतात, पालक सभेला एकटी आई, गॅस संपला आई, सासरे हॉस्पिटलात तरी आईच. जनरल झाल्यावर मोठा बंगला, गाडीवर स्टार, मागेपुढे माणसं, हे लोकांना दिसतं, पण तो बंगला दीड-दोन वर्षांचा असतो आणि तेव्हा मुलं घर सोडून गेलेली असतात. भाचीच्या बाबतीत तर विचार अजून करायला हवा, नवरा नोकरी सांभाळून तिच्यामागे फिरेल का, किंवा दोघं आर्मीत असतील तर एकत्र पोस्टिंग मिळेल का. अशक्य नाही, माधुरी कानिटकर आणि त्यांचे मिस्टर दोघंही लेफ्टनंट जनरल झाले, पण तिने हा प्रश्न विचारात घेऊन यावं.

आता मला जे सगळ्यात जास्त सांगावंसं वाटतं ते एका माणसाबद्दल, आणि इंदूर-ग्वाल्हेरच्या आपल्या मराठी घरांत यांचं नाव हल्ली फारसं निघत नाही याचं वाईट वाटतं. लेफ्टनंट जनरल शंकरराव थोरात, कोल्हापूरकडच्या वडगावचे, 1906 चा जन्म, सँडहर्स्टला शिकून 1926 ला कमिशन. 1945 च्या सुरुवातीला ब्रह्मदेशात आराकानात कांगॉची लढाई झाली, तिथे 51 व्या ब्रिगेडच्या तिन्ही पलटणींवर हिंदी सीओ होते, थिमय्या, थोरात आणि एल. पी. सेन, तोपर्यंत इंग्रज म्हणायचे की हिंदी माणूस पलटण लढवू शकणार नाही, आणि तिघांनाही डीएसओ हे ब्रिटिशांचं मोठं पदक मिळालं. पलटण कमांडबद्दल मी वर जे लिहिलं त्याचा याहून मोठा पुरावा मला माहीत नाही, त्या एका ब्रिगेडमधून पुढे एक चीफ आणि दोन आर्मी कमांडर निघाले. मग 1953 ला कोरियात युद्धकैदी सांभाळायला आपली कस्टोडियन फोर्स गेली तिचे कमांडर थोरात, तिथे हजारो चिडलेले कैदी, कॅम्पमध्ये मारामाऱ्या, आणि तरी परिस्थिती हाताबाहेर जाऊ दिली नाही.

1957 ला ते ईस्टर्न कमांडचे आर्मी कमांडर झाले, ऑफिस लखनौला. नेफाची, म्हणजे आजच्या अरुणाचलची, सरहद्द फिरून बघितली, रस्ते नाहीत, सामान नाही, माणसं तोकडी, आणि 1959 च्या ऑक्टोबरात आर्मी हेडक्वार्टरला लिहून कळवलं की चीनकडून धोका आहे आणि आत्ता जे हातात आहे त्यात मॅकमोहन रेषेवर उभं राहून लढता येणार नाही, शत्रूला आत येऊ द्या, त्याच्या पुरवठ्याची ओढाताण होऊ द्या आणि आपल्याला सोयीच्या जागी पक्की फळी धरा. चीफ थिमय्यांना पटलं, त्यांनी संरक्षणमंत्री कृष्ण मेनन यांच्याकडे पाठवलं, तिथे ते उडवून लावलं गेलं. थोरात गप्प नाही बसले, मार्च 1960 ला लखनौला लाल किला नावाची मोठी एक्सरसाइज घेतली आणि सगळ्यांसमोर मांडून दाखवलं की लढाई झाली तर काय होईल. थिमय्यांनी आपल्यानंतर चीफ म्हणून थोरातांचं नाव सुचवलं होतं. झाले थापर, आणि मे 1961 ला थोरात रिटायर होऊन घरी आले. पुढे ऑक्टोबर 1962 ला काय झालं ते सगळ्यांना ठाऊक आहे. युद्धानंतर नेहरूंनी त्यांना बोलावून घेतलं तेव्हा कळलं की तो कागद नेहरूंना कधी दाखवलाच गेला नव्हता, हे थोरातांनी स्वतः लिहून ठेवलंय.

मी इन्फन्ट्री स्कूलला सँड मॉडेलवर पोरांना शिकवायचो, म्हणजे जमिनीवर मातीचे डोंगर, निळ्या पावडरची नदी, चुन्याच्या रेषा, आणि लेफ्टनंटने काठी घेऊन सांगायचं की माझी प्लॅटून इथून जाईल. तेव्हा मी त्यांना एकच विचारायचो, तुझ्या सीओने सांगितलं की या बाजूनेच जा आणि तुला दिसतंय की इथे माणसं मरणार, तर तू काय बोलशील आणि कोणत्या शब्दांत बोलशील? बहुतेकांची मान खाली जाते. काही तावातावाने बोलतात की मी नाही म्हणेन, तेही उपयोगाचं नाही, कारण नुसतं नाही म्हणणाऱ्याचं कोण ऐकणार. जो म्हणतो की सर या बाजूला एमएमजीचा, म्हणजे मशीनगनचा, मारा आहे, मला अर्धा तास आणि डावा नाला द्या, मी पहाटेपर्यंत माथ्यावर असतो, त्याच्याकडे मी नीट लक्ष द्यायचो. थोरातांनी हेच केलं होतं, नुसता धोका आहे म्हणाले नाहीत, किती सैन्य लागेल, कुठे उभं राहायचं, कधीपर्यंत, सगळं मांडलं. आणि चीफ झाले नाहीत. भाचीला हे दोन्ही सांगा.

चीफच्या जागेबद्दल अजून एक, ती नेमणूक कॅबिनेटची समिती करते, बहुतेक वेळा सगळ्यात सीनिअर तोच होतो पण नेहमी नाही. 1983 ला लेफ्टनंट जनरल एस. के. सिन्हा सीनिअर होते, त्यांना डावलून जनरल अरुणकुमार वैद्य झाले आणि सिन्हांनी राजीनामा दिला. 2016 ला बिपिन रावत दोघांना मागे टाकून झाले. वैद्य आपले अलिबागचे, रणगाडेवाले, 1965 ला खेमकरणच्या लढाईत डेक्कन हॉर्सचे सीओ म्हणून महावीर चक्र आणि 1971 ला शकरगडच्या बाजूला आर्मर्ड ब्रिगेड घेऊन दुसरं महावीर चक्र, त्यामुळे ते त्या जागेला कमी होते असं कोणी म्हणू शकत नाही. त्यांच्या कारकिर्दीत 1984 मध्ये सियाचेन घेतलं आणि त्याच वर्षी अमृतसरच्या सुवर्णमंदिरातली कारवाई झाली. जानेवारी 1986 ला रिटायर होऊन पुण्याला राहायला आले आणि 10 ऑगस्ट 1986 ला गाडीतून जाताना भर रस्त्यात अतिरेक्यांनी त्यांना गोळ्या घातल्या. सरकारने जे काम दिलं ते केलं आणि त्याची किंमत रिटायर झाल्यावर घराजवळ दिली. जनरलचं आयुष्य म्हणताना हेही त्यात येतं.

मुलीचं काय, तर भावजींना हे दाखवा. 1976 लाच नर्सिंग सर्व्हिसच्या गर्ट्रूड ॲलिस राम मेजर जनरल झाल्या होत्या, 2004 ला पुनीता अरोरा लेफ्टनंट जनरल, 2020 ला माधुरी कानिटकर, 2024 ला साधना सक्सेना नायर आर्मीच्या मेडिकल सर्व्हिसच्या प्रमुख. आत्तापर्यंतच्या या सगळ्या मेडिकल आणि नर्सिंगच्या हे बरोबर आहे, कारण बाकी शाखांत मुलींना 1992 पासून घेतलं तेही शॉर्ट सर्व्हिसवर, त्यातल्या बहुतेकींना परमनंट कमिशन आणि कमांडचा रस्ता सुप्रीम कोर्टाच्या फेब्रुवारी 2020 च्या निकालाने खुला झाला. 2023 ला बायकांची कर्नलची बोर्ड झाली आणि त्या आता युनिट कमांड करतायत. मे 2025 ला एनडीएतून 17 मुलींची पहिली बॅच बाहेर पडली, आणि त्यांच्यापुढे मुलांसारखीच पूर्ण चाळीस वर्षं आहेत, हे याआधी मेडिकल-नर्सिंगबाहेरच्या मुलींना मिळालं नव्हतं. इन्फन्ट्री आणि रणगाडे अजून मुलींना नाहीत, मग वर कशी जाणार असं भावजी विचारतील. नागपूरचे मनोज पांडे बॉम्बे सॅपर्सचे, म्हणजे इंजिनिअर. आधी इंजिनिअर रेजिमेंट कमांड केली, मग एलओसीवर इन्फन्ट्री ब्रिगेड, लडाखमध्ये डिव्हिजन, मग कोअर, आणि चीफ झाले, इंजिनिअर्समधून पहिले. इंजिनिअर्स, सिग्नल्स, तोफखाना हे तिन्ही आज मुलींना खुले आहेत. तोफखाना तर 2023 लाच खुला झाला.

तर आत्ता काय करायचं. फॉर्म वर्षातून दोनदा निघतो, भरू द्या. गणित 300 मार्कांचं आणि जनरल ॲबिलिटी 600 चा, गणितात मुली मागे पडतात असं मला दिसलेलं नाही, वेळेत मागे पडतात, तेव्हा अडीच तासांचा पूर्ण पेपर घड्याळ लावून आठवड्यातून दोनदा सोडवायला सांगा. त्यानंतर एसएसबी 900 मार्कांचं, पाच दिवस, आर्मीसाठी आपल्याकडच्यांना बहुतेक भोपाळ येतं. क्लासवाले तिथली उत्तरं पाठ करून घेतात, ते अजिबात नको, सायकॉलॉजिस्टला दुसऱ्या पानावर कळतं. त्यापेक्षा रोज पेपर वाचून घरी जेवताना एका विषयावर पाच मिनिटं बोलू द्या आणि भावजींना विरोधी बाजू घेऊ द्या, ते ती घेतीलच. पळणं आत्तापासून, सकाळी, रोज. एनडीए नाही झालं तर ग्रॅज्युएशननंतर सीडीएसची परीक्षा आहे, एनसीसीची एंट्री आहे, तिचा डॉक्टरकीकडे ओढा असेल तर पुण्याचं एएफएमसी हे सैन्याचं मेडिकल कॉलेज आहे, कानिटकर तिथल्याच. भोपाळचा कॉल आला की मला कळवा, महिनाभर आधी आली तर ग्रुप टास्क आणि इंटरव्ह्यूचं मी बघतो.